बाविसाव्या पानावरचा गोल

जानेवारीतल्या, म्हणजे आमच्याकडच्या भर उन्हाळ्यातल्या, एका मंगळवारी सासूबाईंनी मला धक्क्यावर पाठवलं. नदीपलीकडे कोंकोर्दियात कुणी निवृत्त शिक्षिका वारल्या होत्या. भाच्यांना घर रिकामं करायचं होतं, म्हणून त्यांची पुस्तकं दोन खोक्यांत भरून सकाळच्या लाँचने इकडे साल्तोला यायची होती. मी हातगाडी घेऊन गेले. लग्नाला तेव्हा तीन महिने झाले होते. सासरी काय काय उचलावं लागेल याची माझ्या आईने मला भली मोठी यादी ऐकवली होती, तीत मेलेल्या बाईंची पुस्तकं नव्हती.

आमचं, म्हणजे बेंतांकोरांचं, दुकान अदलाबदलीचं. वाचलेलं पुस्तक आणून द्यायचं, वर एका पावाच्या किमतीइतकं नाणं ठेवायचं आणि दुसरं घेऊन जायचं. घोडेस्वारांच्या गोष्टी, खुनाच्या गोष्टी, प्रेमाच्या गोष्टी. मुखपृष्ठं निराळी असली तरी आत बहुतेक तोच घोडा आणि तीच नर्स. त्यामुळे वाचणाऱ्यांचा घोटाळा व्हायचा; घरी नेऊन अर्धं वाचल्यावर कळायचं की हे गेल्या हिवाळ्यातच झालं. त्यावर साल्तोच्या लोकांनी उपाय काढला होता. प्रत्येकाचं एक ठरलेलं पान आणि एक ठरलेली खूण. पुस्तक संपलं की आपल्या पानावर आपली खूण करायची. पुढच्या वेळी पुस्तक हातात घेतलं की आधी ते पान उघडायचं. हवालदार चाळिसाव्या पानावर अंगठा उठवतो, जणू स्वतःलाच अटक करतोय. शाळेतली एक नन प्रेमकथांच्या साठाव्या पानावर एवढासा क्रूस काढते आणि तो कुणाचा ते आपल्याला माहीत नाही असं आम्ही सगळे धरून चालतो. माझा नवरा हेबेर म्हणाला होता, "नातेवाइकांची नावं मागाहून शिक, काडी. आधी खुणा शिक." माझं नाव निल्दा, पण तो मला काडी म्हणतो. स्वतः संत्र्यांच्या गोदामात कामाला जातो आणि पुस्तक कधी उघडत नाही.

बाविसाव्या पानावरचा गोल मात्र मला कुणी शिकवला नाही. तो मी पाहिला.

गोल पेन्सिलीचा, मसुराएवढा. असली पुस्तकं दुकानात नव्हती. मागच्या खोलीत एका लांब फळीवर ती वेगळी ठेवलेली होती. दुपारच्या निजानिजेला शटर खाली ओढलं, गाव चिडीचूप झालं की सासूबाई, गावाच्या दोन्या एल्बा, म्हणजे एल्बाबाई, त्यातलं एक काढून अंगणात द्राक्षाच्या मांडवाखाली बसत. वाचताना त्यांचं बोट ओळीवरून सरकायचं आणि मधेच कुठेतरी थांबायचं. एकदा मी वाकून पाहिलं. बोट थांबलं होतं तिथे शब्दांच्या मधे पेन्सिलीचं बारीक टिंब होतं.

"माशीने घाण केलीय का?" मी विचारलं.

"सुल्माने केलंय," त्या म्हणाल्या. "इथे तिला धाप लागली."

सुल्मा हेबेरची धाकटी बहीण. लहानपणीच्या तापाने तिचं हृदय कमजोर झालं होतं. नाचाला, नदीवर, कुठेच गेली नाही ती. दुपारभर दुकानात बसून आईला मोठ्याने वाचून दाखवायची, आई पुस्तकांच्या फाटक्या पाठी खळीने चिकटवत ऐकायची. श्वास पुरेना की सुल्मा थांबायची, टिंब द्यायची, म्हणजे पुन्हा कुठून सुरू करायचं ते चुकायचं नाही. पुस्तक संपलं की बाविसाव्या पानावर गोल. न संपवता तिने कधी गोल काढला नाही. शेवटच्या पानावर कोण मरतं ते आधीच ठाऊक असलं तरीही नाही. दोन वर्षांपूर्वी हिवाळ्यात ती गेली तेव्हा बावीस वर्षांची होती. पानाशी त्या आकड्याचा काही संबंध नाही. पान तिने सातव्या वर्षीच निवडलं होतं.

"आता चारच राहिलीत," दोन्या एल्बा त्या मंगळवारी जेवताना म्हणाल्या. समोरच्या ताटातला पुचेरो, मांस-भाज्यांचा रस्सा, त्यांनी नुसता चमच्याने इकडचा तिकडे केला होता. "तीनशे होती. चार राहिली."

"मग पुन्हा पहिल्यापासून घ्यायची," मी म्हटलं.

"करून पाहिलं. दुसऱ्यांदा वाचताना तिचा आवाज येत नाही गं. माझाच येतो."

"मग?"

"मग काही नाही."

हे त्या इतक्या सरळ बोलल्या की हेबेरने मीठ मागितलं. अंगणात मी त्याला गाठलं. म्हटलं, तुझी आई महिनाभर धड जेवली नाहीये, मनगट बघ तिचं. तो बूट घालत होता. "तिला बोललं की ती आणखी मिटते, काडी. तुला काही सुचलं तर कर." नाडी बांधायला त्याला फार वेळ लागला.

मला सुचलं. त्याच दुपारी शिक्षिकाबाईंच्या खोक्यातून एक प्रेमकथा काढली, बाविसावं पान उघडलं आणि गोल काढला. माझं अक्षर चांगलं आहे. गोलही नेटका आला. मग ते पुस्तक फळीवरच्या चारांच्या मागे सरकवून ठेवलं, जणू तिथेच होतं आणि कुणाच्या नजरेतून सुटलं होतं.

दोन्या एल्बांनी ते आठवड्याने उघडलं. बाविसावं पान त्या बराच वेळ बघत राहिल्या. मी सांडशीने निखारे हलवत होते, हलवायची गरज नसताना. मग त्यांनी वाचलं. त्या दिवशी त्यांनी सूप दुसऱ्यांदा मागून घेतलं.

मग मी आणखी एक केलं. मग आणखी एक.

चौथ्यासाठी मी खोक्यातून पुस्तक काढलं तेव्हा बाहेर नुसतं ऊन होतं. झाडांवर किडे करकरत होते. दुकानात शटरच्या फटींतून येणाऱ्या चार पिवळ्या रेघा सोडल्या तर अंधार, जुन्या कागदाचा आणि आंबलेल्या खळीचा वास. पेन्सिल ओली करून मी बाविसावं पान उघडलं.

गोल होता.

माझ्या गोलांसारखा नव्हता. वरच्या बाजूला तोंड न मिटलेला, आणि पेन्सिल इतकी दाबलेली की मागच्या पानावर उठाव आला होता. हे पुस्तक नदीपलीकडून येऊन पंधरा दिवसही झाले नव्हते. मी पानं चाळली. अकराव्या पानावर एक टिंब. पंधराव्यावर एक. मग दोन दोन पानांनी. तेवढ्यात कपाटांच्या पलीकडे पान उलटल्याचा आवाज आला.

वाटलं, दोन्या एल्बा असतील. मागच्या दारातून बाहेर डोकावले. त्या मांडवाखाली खुर्चीत गाढ झोपल्या होत्या, तोंड उघडं, पायातली चप्पल खाली पडलेली. मी तिथेच उभी राहिले, उन्हात, पाठ दुकानाकडे करून. आतून हळूहळू दुसरा वास यायला लागला. निलगिरीचा. आजाऱ्याला वाफ देतात तसा, गरम.

संध्याकाळी हेबेरला सहज विचारल्यासारखं विचारलं, "तुझ्या बहिणीच्या छातीला काय चोळायचे?"

"चोळायचे नाहीत. पातेल्यात निलगिरीचा पाला उकळायचे," तो म्हणाला. मग थांबला. "का?"

"काही नाही."

"आई जेवतेय ना?"

"जेवतेय."

"मग झालं," तो म्हणाला आणि दिवा मोठा केला, अजून उजेड होता तरी.

दुसऱ्या दिवशी मी सासूबाईंना सगळं सांगितलं. भीतीने सांगितलं, प्रामाणिकपणाने नाही. त्या नळीने येर्बाचा कडू चहा ओढत होत्या. माझं बोलणं संपेपर्यंत ओढत राहिल्या.

"तीन तू केलेस. ठाऊक आहे मला."

"कधीपासून?"

"पहिल्याच दिवसापासून. शाळेत बक्षीस मिळावं असा गोल काढलास पोरी तू. सुल्मा कधी तोंड मिटवायची नाही. श्वासच नसायचा तेवढा, संपवेपर्यंत."

"मग तुम्ही वाचलंत कशाला?"

"घरात कुणालातरी वाटलं ना, म्हातारीने चार घास खावेत." त्यांनी भांडं माझ्याकडे सरकवलं. "मग खाल्ले."

मी चौथं पुस्तक त्यांच्या मांडीवर ठेवलं. त्यांनी बाविसावं पान उघडलं. गोलावरून बोट फिरवलं, मग पान उलटून मागचा उठाव चाचपला. त्यांच्या चेहऱ्यावर जे आलं ते मला बघवेना. ती भीती नव्हती.

"खोटा गोल तिला चालायचा नाही," त्या पुटपुटल्या. "न वाचता गोल... नाहीच चालायचा. म्हणून आली. तुझे तीन खरे करायला आली आणि तशीच पुढे वाचत सुटली."

मग उठल्या आणि पेन्सिल मागितली.

त्यानंतरचे दिवस मला नीट सांगता येत नाहीत. दोन्या एल्बा सकाळी गोल काढायच्या, पाच पुस्तकांवर, मग दहा, मग दिसेल त्या पुस्तकावर. दुपारी शटर पडलं की दुकानाच्या मागच्या दाराशी, बाहेरच्या अंगाला, खळीचं भांडं घेऊन बसायच्या आणि डोळे मिटून ऐकायच्या. मला शेजारी बसवायच्या. पहिल्यांदा मला नुसती पानं ऐकू आली. मग आवाज. भिंतीपलीकडे कुणी बोलावं तसा, शब्द कळत नव्हते, फक्त चाल कळत होती. थोडं बोलणं, मग थांबणं. थोडं बोलणं, मग थांबणं. थांबलं की श्वास ऐकू यायचा, आत ओढताना खरखरणारा.

"ऐकतेयस?" त्या डोळे न उघडता म्हणायच्या.

"हो."

"अजून एक पान," त्या दाराकडे तोंड करून हळूच म्हणायच्या. "एकच... मग नीज."

त्या जेवू लागल्या होत्या. गालावर रंग आला होता. हवालदार म्हणाला, "दोन्या एल्बा, सुनेने तुम्हाला काय खाऊ घातलं? माझ्या बायकोला पाककृती द्या." त्या चक्क हसल्या. हेबेर मात्र दुपारी घरी यायचा बंद झाला. गोदामात काम वाढलंय म्हणाला. संत्र्यांचा मोसम नव्हता.

माझ्या कानांना एक गोष्ट लागली होती. बोलणं दिवसेंदिवस आखूड होत चाललं होतं आणि थांबणं लांबत होतं. फेब्रुवारीच्या मध्याला एका दुपारी मी श्वास मोजत बसले होते आणि मधे एकही शब्द आला नाही. नुसती धाप. दोन्या एल्बांनी मान हलवून म्हटलं, "अजून एक पान."

त्या संध्याकाळी ताज्या गोलांची पुस्तकं मी कंदिलाशी नेली. जुन्यांत टिंबं दर दोन पानांना होती. यांत दर ओळीला. पुढच्या पुस्तकात दर शब्दाला. त्याच्या पुढच्यात एक शब्द होता, 'खिडकी'. टिंब त्याच्या आत होतं, दोन अक्षरांच्या मधे. तिला तो एक शब्दही सलग म्हणता आला नव्हता.

सकाळी मी ते पान दोन्या एल्बांसमोर धरलं. त्यांनी चष्मा लावला.

"हे काय?"

"वाचा. टिंबांवर थांबत वाचा."

त्यांनी मोठ्याने सुरुवात केली. प्रत्येक टिंबाशी थांबल्या, श्वास घेतला. तिसऱ्या ओळीला त्यांचा स्वतःचा आवाज फाटला. चौथ्या ओळीला त्यांनी थांबून पुस्तक टेबलावर पालथं घातलं.

"मी डोळे मिटून बसायचे," त्या म्हणाल्या. "टिंबं बघितलीच नाहीत मी."

मी पुस्तक उचलून मिटलं.

"तेव्हाही असंच केलं, निल्दा. शेवटचा महिनाभर. झोपली तर उठायची नाही अशी भीती वाटायची मला. म्हणून पुस्तक पुढे करायचे. एक पान अजून, एक पान. ती म्हणायची, मी दमले. मी म्हणायचे, एवढं संपव, मग नीज." त्यांनी चष्मा काढून पुसला, पुन्हा लावला. "शहाणी पोर. संपवायची."

आमच्याकडे पेन्सिल रबराने खोडत नाहीत. हा स्वस्त कागद रबराने फाटतो. शिळ्या पावाचा गर घेतात, त्याची गोळी करून हलक्या हाताने फिरवतात. त्या दिवशी मी बेकरीतून कालचे सहा पाव आणले. दुपारी शटर पडल्यावर आम्ही दोघी पहिल्यांदाच आत बसलो, दिवा न लावता, शटरच्या त्या चार रेघांत. निलगिरीच्या वासाने डोळ्यांत पाणी येत होतं. मी पुस्तक उघडून द्यायचे, त्या गोल पुसायच्या. आमच्या दोघींच्या मधे, टेबलाच्या उंचीला, कुणीतरी श्वास घेत होतं. इतकं जवळ की माझ्या दंडाला ऊब लागत होती. मी डावीकडे पाहिलं नाही. आजही सांगते, मला पाहायचं धाडस झालं नाही आणि त्याचा मला पश्चात्ताप नाही.

एकेक गोल जाई तसा श्वास थोडा सैल होई. हे मला वाटलं असेल. पाचवा पाव संपेपर्यंत खरखर गेली होती. सहाव्याला दोन श्वासांमधे मला पस्तीस मोजता आले. मेजावर काळपट चुरा साठला होता.

शेवटी माझं पहिलं पुस्तक राहिलं, तो नेटका, मिटलेला गोल. मी पाव उचलला.

"दे," दोन्या एल्बा म्हणाल्या. "हा तू माझ्यासाठी काढलास. मीच पुसते."

पुसण्याआधी त्या अंधाराकडे वळल्या. मला वाटलं काही मोठं बोलतील. त्या म्हणाल्या, "पुस्तक ठेव, पोरी. मी नाही आता सांगत." मग हलक्या हाताने पाव फिरवला. पान कोरं झाल्यावर मी वाट पाहिली. पस्तीस मोजले. शंभर मोजले. बाहेर किडे करकरत होते आणि दुकानात फक्त खळीचा वास होता.

त्या रात्री दोन्या एल्बा जेवल्या नाहीत. दुसऱ्या दिवशीही नाही. तिसऱ्या दिवशी अर्ध्या भाकरीएवढा पाव खाल्ला, रडत रडत, आणि हेबेर त्यांच्या शेजारी बसून राहिला. गोदामात गेला नाही. मागच्या खोलीतली फळी त्या दोघांनी मिळून रिकामी केली आणि तीनशेच्या तीनशे पुस्तकं दुकानात लावली, अदलाबदलीला.

मार्चमध्ये खाटकाची बायको दोन्या रामोना पुस्तक परत करायला आली. ते सुल्माच्या फळीवरचं नव्हतं. नवीन गठ्ठ्यातलं होतं; मी स्वतः त्याचं पान न पान बघून मगच ते दिलं होतं.

"आधीच सांगते, हे मी केलेलं नाही," ती गल्ल्यावर पुस्तक आपटत म्हणाली. "कुणी टिंबं दिलीत यात. मी तर उघडलंही नाही. आठ दिवस स्वयंपाकघरातल्या कपाटावर पडून होतं. माझ्या नावावर घालू नका."

दोन्या एल्बांनी पुस्तक हातात घेतलं, पण उघडलं नाही. "नाही घालत."

"आणि तुमच्या पुस्तकांना उंदीर लागलेत. दुपारी आम्ही निजतो तेव्हा स्वयंपाकघरात पानं वाजतात. धाकटी म्हणते, कुणीतरी वाचतं."

"धाप लागते का?"

"उंदराला?"

"वाचणाऱ्याला."

रामोनाने माझ्याकडे पाहिलं, म्हातारी बरी आहे ना अशा नजरेने. मी पुस्तकांची धूळ झटकत राहिले. "धाकटी म्हणते भरभर वाचतात. मधेच हसतात म्हणते. पोरांचं काय घेऊन बसलात."

"तुमच्या स्वयंपाकघराला खिडकी आहे?"

"आहे. नदीकडची."

"तिच्याशी बसायला काही?"

"एक तिपाई आहे. का हो?"

"काही नाही," दोन्या एल्बा म्हणाल्या. त्या आत गेल्या आणि बऱ्याच वेळाने एक पुस्तक घेऊन आल्या. दुकानातलं सगळ्यात जाड.

"एवढं? माझ्याच्याने व्हायचं नाही हे, दोन्या एल्बा."

"नका वाचू. कपाटावर ठेवा. घाई नाही, परत कधीही आणा."

रामोना कुरकुरत ते काखेत मारून गेली. सासूबाई दारात उभ्या राहून ती कोपऱ्यावर वळेपर्यंत बघत होत्या. मी परत आलेलं पुस्तक उघडलं. बाविसावं पान कोरं होतं. नवव्या पानावर एक टिंब होतं, चाळिसाव्यावर एक, त्र्याऐंशीव्यावर एक. पुढची साठ पानं स्वच्छ, एकाही ठिकाणी थांबणं नाही. शेवटच्या पानाचा खालचा कोपरा मात्र मऊ लागला. मी बोट टेकवलं. कुणी थुंकी लावून आत्ताच पान उलटलं असावं इतका तो ओला होता.